दुधाच्या डब्यातली बटणं : आमच्या चाळीतला जादूचा प्रयोग

लालबागच्या आमच्या चाळीत गणपतीच्या चौथ्या दिवशी जादूचा प्रयोग ठेवला होता. कार्यक्रम ठरवायचं काम माझ्याकडे होतं, म्हणून सविस्तर लिहितेय.

जादू म्हटलं की मला प्रसिद्ध जादूगार पी. सी. सरकारांचा महाराजांसारखा पोशाख आठवतो. हे गृहस्थ आले साध्या पांढऱ्या शर्टात, सोबत एक मदतनीस आणि पत्र्याच्या दोन ट्रंका. वय पन्नाशीचं, त्यातली तीस वर्षं याच धंद्यात. पहिलंच वाक्य : "माझे वडील गिरणीत साचेवाले, म्हणजे मागावर कापड विणणारे. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो." मांडवातला गलका तिथेच थांबला. अडीच लाख कामगारांचा तो संप आमच्याकडे दर दुसऱ्या घरात आहे.

पगाराच्या दिवशी वडील त्यांच्या कानामागून दहा पैशांचं नाणं काढायचे. हे सांगता सांगता त्यांनी हवेतून नाणी पकडायला सुरुवात केली. एक शेजारणीच्या पदरापाशी, एक पुढच्या पोराच्या टोपीतून, आणि प्रत्येक नाणं ठणकन दुधाच्या डब्यात. खेळ जुना, जगभर करतात. पण हात आणि आवाज यांची वेळ चुकली की त्यात काही उरत नाही. इथे पोरं ओरडून मोजत होती. एकवीस झाली. मग ते म्हणाले, "संपात घरात नाणं नव्हतं. तरी बाबांनी खेळ मोडला नाही." आणि डबा उपडा केला. शर्टाची बटणं पडली. सगळी बटणंच.

माझे बाबा एकोणऐंशी वर्षांचे. संपाबद्दल घरात अवाक्षर काढत नाहीत. ते खुर्चीतून उठून बटणं वेचायला वाकले. जादूगार खाली उतरले. "काका, कुठल्या खात्यात होता?"

"साच्यांवर. बदली कामगाराचा कायम झालो आणि सहा महिन्यांत संप."

हे मी पहिल्यांदा ऐकलं.

जादू थांबवून गोष्टी सांगणारे बरेच पाहिलेत. इथे गोष्टीचा शेवट डब्यातूनच पडला, तो निराळा सांगावा लागला नाही.

सरकारांनी गाजवलेला 'वॉटर ऑफ इंडिया'चा लोटाही होता : रिकामा केला तरी थोड्या वेळाने पुन्हा भरलेला. यांनी तो चाळीच्या नळाच्या गोष्टीशी जोडला. दर वेळी "पाणी आलं!" अशी हाक आणि लोट्यातून धार. शेवटची हाक अख्ख्या मांडवाने दिली. दोरी कापून जोडायचा खेळही झकास.

मनातला पत्ता ओळखायचा भाग मात्र रेंगाळला. वडिलांच्या गोष्टीशी त्याचा काही संबंध नाही, तो काढावा असं मी त्यांना सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

मानधन १८,००० रुपये, निम्मे आगाऊ. प्रेक्षक त्यांच्या मागे किंवा अगदी बाजूला बसलेले चालत नाहीत. गॅलरीतल्या मंडळींना खाली आणताना आमची वीस मिनिटं गेली, तेव्हा हे आदल्या दिवशीच सगळ्यांना सांगून ठेवा. आम्ही आणलेला कॉलर माइक दोनदा बंद पडला. ते तसेच, मोकळ्या आवाजात बोलत राहिले. त्यांचा वाढदिवसासाठीचा चाळीस मिनिटांचाही कार्यक्रम असतो. तो नको, हा नव्वद मिनिटांचाच मागा.