विकतचे पाच तारे की ‘अभिप्रायार्थ’ शिक्का?

छापखान्यातून गठ्ठे घरी आले, ॲमेझॉनवर पुस्तकाचं पान तयार झालं आणि त्याखाली एकही अभिप्राय नाही. स्वखर्चाने पुस्तक काढणाऱ्या नाशिकच्या लेखकापुढे इथून तीन वाटा फुटतात: अभिप्रायांचं पॅकेज विकत घ्यायचं, घरच्यांना आणि लेखकमित्रांना कामाला लावायचं, की अनोळखी वाचकांना प्रती देऊन थांबायचं?

पॅकेजचा व्यवहार साधा असतो. दलाल व्हॉट्सॲपवर माणसं पुरवतो, ती किंडल (ॲमेझॉनवरची ई-पुस्तक) आवृत्ती विकत घेतात, पाच तारे देतात. लेखक पुस्तकाची किंमत आणि वर मेहनताना यूपीआयने परत करतो. खरेदी खरी असल्यामुळे ‘व्हेरिफाइड पर्चेस’ (पुस्तक खरंच विकत घेतल्याची) ही खूणही मिळते आणि इथेच लेखक भुलतो. पण ही माणसं पुस्तक वाचत नाहीत. मलपृष्ठावरचा मजकूर फिरवून लिहितात, म्हणून अभिप्रायात पात्राचं नाव नसतं, प्रसंग नसतो. ‘ओघवती भाषा, एका बैठकीत वाचून काढलं’ एवढंच. त्या खात्यावर टिचकी मारली की मोबाइलचं कव्हर, मिक्सर आणि तुमची कादंबरी एकाच दिवशी गौरवलेली दिसते. मराठी पुस्तकाला वर्षभरात दहा-बारा अभिप्राय आले तरी पुष्कळ. तिथे आठवड्यात चाळीस आले तर कुणालाही शंका येईल. ॲमेझॉनने पकडलं तर अभिप्राय उडतात, किंडलचं प्रकाशन-खातंही बंद होऊ शकतं आणि मग त्या खात्यावरची तुमची सगळीच पुस्तकं जातात. यूपीआयची नोंद मात्र दलालाकडे राहते. पुढचा हप्ता नाकारलात तर तीच चाळीस खाती एक तारा द्यायला मोकळी.

कायद्याचंही बघा. ई-कॉमर्स नियम, २०२० नुसार विक्रेत्याने ग्राहक असल्याचं भासवून अभिप्राय टाकायला मनाई आहे, आणि स्वतःचं पुस्तक स्वतः विकणारा लेखक विक्रेताच ठरतो. भारतीय मानक ब्यूरोचं ऑनलाइन अभिप्रायांसाठीचं मानक, आयएस १९०००:२०२२, विकतचे अभिप्राय नाकारतं. पण ते ऐच्छिक आहे, त्याच्या भरवशावर फार राहू नये.

दुसरी वाट फुकट, म्हणून निरुपद्रवी वाटते. ॲमेझॉनच्या नियमांत लेखकाचे कुटुंबीय आणि जवळचे मित्र यांचे अभिप्राय बसत नाहीत. एकाच पत्त्यावर पुस्तकं मागवणारी बायको, मेहुणा आणि भाचा पकडले जाणं अवघड नाही. त्यांच्यासाठी नवी खाती काढूनही उपयोग नाही, कारण अभिप्राय लिहिण्याआधी खात्यावर ठरावीक किमान खरेदी झालेली लागते. ‘तू माझ्यावर लिही, मी तुझ्यावर लिहितो’ हा प्रकार तर साहित्य वर्तुळात जुनाच. इंटरनेटवर फक्त त्याला तारीख आणि वेळ चिकटते. गुडरीड्स या वाचकांच्या संकेतस्थळावर खरेदीची अट नाही, प्रकाशनाआधीही तारे देता येतात, म्हणून तिथे टोपणनावांचा मोह जास्त होतो. ब्रिटिश रहस्यकथाकार आर. जे. एलरी यांना २०१२ मध्ये खोट्या नावांनी स्वतःची स्तुती आणि इतर लेखकांची निंदा केल्याबद्दल माफी मागावी लागली. २०२३ च्या डिसेंबरात तर अमेरिकेत पहिलीच कादंबरी येण्याआधी एका लेखकाची बनावट गुडरीड्स खाती उघडी पडली, आणि प्रकाशकाने कादंबरीच रद्द केली.

तिसरी वाट संथ आहे आणि खर्च आधी दिसतो. छपाई प्रतीमागे १२० रुपये धरली तर तीस प्रतींचे ३,६०० रुपये, टपाल वेगळं. तिसांपैकी निम्म्या नाशिकबाहेर पाठवा, नाहीतर सगळे अभिप्राय ओळखीच्याच वर्तुळातून येतात. पहिल्या पानावर ‘अभिप्रायार्थ’ शिक्का मारा, म्हणजे प्रत दुकानात परत विकली जात नाही. सोबतच्या चिठ्ठीत एवढंच लिहा: ‘वाचून जसं वाटलं तसं लिहा, नाही लिहिलंत तरी चालेल, लिहिल्यास भेटप्रत मिळाल्याचा उल्लेख करावा.’ ‘छान लिहा’ हे दोन शब्द जरी त्यात आले तरी ॲमेझॉनच्या नियमांतून तुम्ही बाहेर पडलात. सहा आठवड्यांनी एकदा आठवण करायची, दुसऱ्यांदा नाही. तिसातून आठ जणांनी लिहिलं तरी समाधान मानावं. वृत्तपत्रांकडेही प्रती पाठवा, पण बहुतेक वेळा ‘साभार पोच’मध्ये नाव छापून येण्यापलीकडे काही घडत नाही, हे धरून चाला.

एक अडचण राहतेच: भेटप्रतीवर ‘व्हेरिफाइड’ खूण येत नाही. ती यावी म्हणून वाचकाला ‘विकत घे, पैसे मी देतो’ म्हणालात की तुम्ही पुन्हा पॅकेजच्या वाटेवर. त्याऐवजी किंडलची किंमत काही दिवस सगळ्यांसाठीच उतरवा. सर्वांना खुल्या असलेल्या सवलतीत घेतलेली प्रत रीतसर खरेदीच मानली जाते.

म्हणून शंभर-दोनशे प्रती खपवायच्या असोत की पुढचं पुस्तक काढायचं असो, आमचा कौल तिसऱ्या वाटेला. पहिली टाळाच. दुसऱ्या वाटेवरची माणसं प्रकाशन समारंभाला बोलवा, अभिप्रायाला नको. आणि दोन प्रती नाशिकच्या टिळक पथावरच्या सार्वजनिक वाचनालयाला द्या. १८४० पासून चालू असलेल्या या संस्थेत पुस्तक रोज वाचणाऱ्यांच्या हाती पडतं. ज्या वाचनालयांत अजून पुस्तकाच्या शेवटी तारखांची चिठ्ठी चिकटवतात, तिथली प्रत सहा महिन्यांनी उघडून बघा. त्या चिठ्ठीवर किती शिक्के पडले आहेत, ते मोजा.