पॅन-सायटोकेरॅटिन एई१/एई३: बाटली उत्तम, लेबलवर मात्र डोळे झाकून विसंबू नका

मिरजेतल्या एका हिस्टोपॅथॉलॉजी लॅबमध्ये मी आयएचसीचं (इम्युनोहिस्टोकेमिस्ट्रीचं) काम बघतो. सांगली, जत, पंढरपूर आणि पलीकडे अथणी, चिकोडी, जमखंडीपासूनचे नमुने आमच्याकडे येतात. आयएचसी म्हणजे गाठीच्या तुकड्याचा तीन-चार मायक्रॉनचा सेक्शन काचेवर घ्यायचा, त्यावर अँटिबॉडी घालायची, ती नेमकं आपलं प्रथिन हुडकून त्याला चिकटते आणि शेवटी डॅब घातलं की त्या जागी तपकिरी रंग येतो. निदान डॉक्टरांचं, स्लाइड खरी निघाली पाहिजे, हे काम माझं.

आमच्या फ्रिजमधून सगळ्यात आधी संपते ती पॅन-सायटोकेरॅटिनची (थोडक्यात पॅन-सीके) बाटली, क्लोन एई१/एई३. क्लोन म्हणजे अँटिबॉडीचा नेमका वाण. कंपनीचं नाव लिहीत नाही. हेच क्लोन बऱ्याच कंपन्या विकतात आणि माझं म्हणणं कुठल्या एका कंपनीबद्दल नाही. ते आहे त्या लेबलावरच्या ‘पॅन’, म्हणजे ‘सर्व’, या एका शब्दाबद्दल, आणि बाटली घेताना नक्की काय बघायचं याबद्दल. गावोगावच्या छोट्या लॅब आता आयएचसी सुरू करताहेत. त्यांना उपयोग होईल.

आधी ही लागते कशाला ते सांगतो. मानेत गाठ आहे, एच अँड ई, म्हणजे नेहमीच्या गुलाबी-जांभळ्या रंगाच्या स्लाइडवर नुसत्या गोल-गोल वेड्यावाकड्या पेशी दिसताहेत, कशाच्या ते कळत नाही. कार्सिनोमा (एपिथेलियल, म्हणजे अस्तराच्या आणि ग्रंथींच्या पेशींचा कॅन्सर), लिंफोमा (लिंफ पेशींचा), मेलॅनोमा (रंगद्रव्याच्या पेशींचा), काहीही असू शकतं, आणि तिन्हींचे उपचार वेगळे. मग आमच्या पॅथॉलॉजिस्ट मॅडम पहिलं पॅनेल लिहितात: कार्सिनोमासाठी पॅन-सीके, लिंफोमासाठी एलसीए, मेलॅनोमासाठी एस१००. केरॅटिन हे एपिथेलियल पेशींच्या सांगाड्याचं प्रथिन. पॅन-सीके तपकिरी आलं, बाकीची दोन कोरी राहिली, की कार्सिनोमाकडे पारडं झुकतं आणि तो मूळचा कुठला हे शोधायला सीके७, सीके२०, टीटीएफ१ अशी पुढची वाट सुरू होते. आमच्या भागात मावा-तंबाखूमुळे तोंडाचे कॅन्सर इतके आहेत, की मानेच्या गाठीत ही बाटली काढली नाही असा आठवडा जात नाही. स्क्वेमस कार्सिनोमात ती इतकी गडद येते की नवशिक्यानेही ओळखावी.

आता ‘पॅन’. लेबलावर ठळक अक्षरांत पॅन आणि क्लोनचं नाव खाली बारीक. बाटली घेऊन आलेल्या एका एमआरला मी विचारलं, ‘‘यात कुठले कुठले केरॅटिन येतात?’’ तर म्हणाला, ‘‘अहो सर, पॅन आहे म्हणजे सगळं आलंच की त्यात.’’ पॅन-इंडिया म्हणून गाजावाजा झालेला सिनेमा कवठेमहांकाळला लागतोच असं नाही, तसंच हे. माणसात केरॅटिनचे ५४ जीन आहेत. त्यातले केसा-नखांचे सोडले तरी पेशींमधले बरेच उरतात. मोल आणि सहकाऱ्यांनी १९८२ मध्ये त्यांना १ ते १९ असे क्रमांक देऊन यादी केली, तीच आपण अजून वापरतो. २० नंबरचा पुढे सापडला. १ ते ८ हे टाइप टू, म्हणजे बेसिक. ९ पासून पुढचे टाइप वन, ॲसिडिक.

एई१ आणि एई३ हे दोन वेगवेगळे माऊस मोनोक्लोनल, म्हणजे उंदराच्या पेशींपासून केलेल्या एकाच वाणाच्या अँटिबॉडी. तुंग-तिएन सुन यांच्या गटाने त्यांचं काम १९८२ मध्येच प्रसिद्ध केलं. बाटलीत दोन्हींचं मिश्रण असतं, म्हणून कॉकटेल म्हणतात. एई३ टाइप टूचे १ ते ८ सगळे धरतो. एई१ मात्र टाइप वनपैकी १०, १४, १५, १६ आणि १९ एवढेच धरतो. म्हणजे १७ आणि १८ या दोघांना या बाटलीतलं कुणीच ओळखत नाही. यादीत १८ नाही आणि नाव पॅन! पण हे वाटतं तितकं वाईट नाही. केरॅटिन एकटं राहत नाही. टाइप वनचा एक आणि टाइप टूचा एक, अशी जोडी जमल्याशिवाय त्याचा तंतू होत नाही. १८ ची जोडी ८ शी. १८ दिसला नाही तरी ८ ला एई३ धरतो, आणि पेशी रंगते. म्हणून व्यवहारात ही बाटली बहुतेक सगळे कार्सिनोमा पकडते. जोडीतला एक सापडला की काम झालं.

जिथे ८ थोडाच आहे आणि दुसरं कुणी मदतीला नाही, तिथे खरी परीक्षा. लिव्हरच्या मुख्य पेशींमध्ये, म्हणजे हेपॅटोसाइटमध्ये, फक्त ८ आणि १८ ची जोडी असते, तीही बेताची. त्यामुळे याच पेशींच्या कॅन्सरमध्ये, हेपॅटोसेल्युलर कार्सिनोमात, एई१/एई३ फिकट येणं किंवा अजिबात न येणं हे सगळ्या पुस्तकांत लिहिलेलं आहे. लिव्हरची बायोप्सी आहे, ट्यूमर वेडावाकडा आहे, पॅन-सीके कोरं आलं, आणि कुणी ‘केरॅटिन नाही म्हणजे कार्सिनोमा नाही’ असं वाचलं, तर पेशंटचं काय होईल याचा विचार करा. आमच्याकडे अशा केसला मॅडम सीएएम५.२ हा केरॅटिनचाच दुसरा क्लोन लावायला सांगतात. तो ८ चांगला धरतो. सोबत लिव्हरच्या गाठीसाठीचे हेपपार-१ आणि ग्लिपिकन-३. काही कंपन्यांनी या कॉकटेलमध्ये ८/१८ साठीचा ५डी३ हा तिसरा क्लोन घातलेला आहे. तशी बाटली परवडत असेल तर तीच घ्या, डोकेदुखी कमी.

यातूनच निघालेली आणि मला सगळ्यात पटलेली गोष्ट: कंट्रोलला, म्हणजे अँटिबॉडी नीट चालते का हे पडताळायच्या टिशूला, लिव्हर घ्या. त्वचा किंवा टॉन्सिलचं एपिथेलियम कंट्रोल म्हणून लावणाऱ्या लॅब मी पाहिल्या आहेत. तिथे केरॅटिन इतकं ठासून भरलेलं असतं की अर्धमेली अँटिबॉडीसुद्धा गडद तपकिरी दिसते आणि सगळे खूश. डेन्मार्कमधल्या आल्बॉर्गची नॉर्डिकसी ही संस्था जगभरच्या लॅबच्या स्लाइड तपासून गुण देते. पॅन-सीकेसाठी ती लिव्हरच सुचवते. स्लाइड भिंगाखाली धरा. बाइल डक्टच्या (पित्तनलिकेच्या) पेशी गडद असायलाच पाहिजेत. त्यांत ७ आणि १९ भरपूर असतात. बघायचं ते त्यांच्या शेजारी. हेपॅटोसाइटच्या कडेकडेने, पेशी-पेशींच्या मधल्या रेषांवर, फिकट ते मध्यम तपकिरी उठाव दिसला पाहिजे, जणू कुणी पेशींची हद्द आखलीय. डक्ट गडद आणि हेपॅटोसाइट निळे-कोरे असतील, तर तुमचा प्रोटोकॉल अपुरा आहे. त्या दिवशीचे निगेटिव्ह रिपोर्ट बाहेर सोडू नका.

प्रोटोकॉलमध्ये घोळ होतो तो बहुतेक वेळा रिट्रीव्हलमध्ये. फॉर्मॅलिनने प्रथिनं एकमेकांत जखडून टाकलेली असतात, ती मोकळी केल्याशिवाय अँटिबॉडीला जागा मिळत नाही. मोकळी करायचे दोन रस्ते: उष्णता किंवा एन्झाइम. एका कंपनीच्या बाटलीसोबत प्रोटीनेज वापरा असा कागद आला होता. तसं केलं तर त्वचा झकास आणि लिव्हर कोरं. टिशू कडेने कुरतडल्यासारखं झालं ते वेगळंच. ट्रिस-ईडीटीए, पीएच ९, आणि प्रेशर कुकर असं केल्यावर हेपॅटोसाइटच्या रेषा उमटल्या. एन्झाइमने या अँटिबॉडीचा निकाल घसरतो, हे नॉर्डिकसीच्या अहवालांतही आलेलं आहे. तरी कागदावर तसं छापून येतं. कुकर आमचा घरगुतीच, स्टीलचा. शिट्ट्या मोजत बसू नका, प्रेशर आल्यापासून घड्याळ लावा. आणि काढल्यावर लगेच गार पाण्यात बुडवू नका, सेक्शन सुटून तरंगायला लागतात. सेक्शन घट्ट धरून ठेवणाऱ्या चार्ज्ड स्लाइडवर पैसे वाचवू नका, हेही याच संदर्भात.

रिट्रीव्हललाही एक मर्यादा आहे. तालुक्याच्या ठिकाणाहून बायोप्सी सलाइनमध्ये, कधी तर साध्या पाण्यात येते. वर चिठ्ठी: ‘अर्जंट’. अशा टिशूवर जगातली कुठलीही बाटली चालणार नाही. १० टक्के न्यूट्रल बफर्ड फॉर्मॅलिन, निदान सहा तास. त्याला पर्याय नाही.

आता उलटी बाजू, म्हणजे जिथे नको तिथे रंग. मेंदूच्या स्लाइडवर ही बाटली मी तरी भरवशाची मानत नाही. ग्लायोमामध्ये, म्हणजे मेंदूच्या आधार देणाऱ्या ग्लायल पेशींच्या गाठीत, एई१/एई३ बऱ्याचदा पॉझिटिव्ह दिसतो, कारण त्या पेशींतल्या जीएफएपी या प्रथिनाला तो चुकून चिकटतो. मेंदूतली गाठ मूळची का दुसरीकडून आलेली, हाच प्रश्न असेल तेव्हा हा घोटाळा महागात पडतो, तिथे सीएएम५.२ बरा. लिंफ नोडमध्ये काही रेटिक्युलम, म्हणजे आधाराचं जाळं करणाऱ्या पेशी स्वतःच ८/१८ बाळगून असतात. सेंटिनेल नोडमध्ये, म्हणजे कॅन्सर पसरताना आधी गाठतो त्या लिंफ नोडमध्ये, दोन-चार ट्यूमर पेशी शोधताना त्या फसवतात. त्या लांब हातापायांच्या, जाळ्यासारख्या असतात, हे एकदा डोळ्यात बसलं की भीती नाही. सिनोव्हियल सार्कोमा आणि एपिथेलिऑइड सार्कोमा तर केरॅटिन दाखवतातच, त्यात बाटलीचा काही दोष नाही.

रंग कुठे आलाय हेसुद्धा बघण्यासारखं असतं. फुप्फुसाच्या स्मॉल सेल कार्सिनोमात सगळी पेशी रंगत नाही. न्यूक्लियसच्या कुशीत एकच तपकिरी ठिपका येतो. लहान लेन्सवर तो कचरा वाटतो. चाळीसच्या लेन्सवर गेलात की प्रत्येक पेशीत त्याच जागी तोच ठिपका. या बाटलीने तो ठिपका मला कधी दगा दिलेला नाही, बॅकग्राउंडही स्वच्छ. हे तिचे पैकीच्या पैकी गुण.

रेडी-टू-यूज (तयार पातळ केलेली) घ्यावी की कॉन्सन्ट्रेट (आपण पातळ करायची)? रेडी-टू-यूजची सहा मिलीची बाटली, स्लाइडला शंभर ते दीडशे मायक्रोलिटर धरले तर चाळीस ते साठ स्लाइड. सोयीची, पण दर स्लाइडमागे महाग. एक मिली कॉन्सन्ट्रेट १:१०० केलं तर शंभर मिली होतं. हिशोब तुम्हीच करा. फक्त पातळ केलेलं फार टिकत नाही, म्हणून आठवड्यापुरतंच करायचं. आणि प्रत्येक नव्या लॉटला डायल्यूशन पुन्हा लिव्हरवर ठरवायचं. दिवसाला दोन-चारच स्लाइड असतील तर रेडी-टू-यूज बरी. आम्ही कॉन्सन्ट्रेट घेतो.

डिलिव्हरीबद्दल मात्र तक्रार आहे. एका वितरकाकडून उन्हाळ्यात खोकं आलं ते जेल पॅक पार पाणी होऊन. शनिवारी संध्याकाळी ट्रान्सपोर्टच्या गोडाऊनला पडलं आणि सोमवारी दुपारी आम्हाला मिळालं. ‘‘काही होत नाही हो, अँटिबॉडी स्टेबल असते,’’ असं फोनवर ऐकवलं. मी ती लावून, फोटो काढून, लिव्हर कंट्रोलसकट पाठवल्यावर बदलून दिली. खोकं उघडताना तापमान लिहून ठेवायची सवय लावून घ्या, वाद घालायला कागद लागतो.

‘पॅन’ इतरही बाटल्यांवर असतो आणि दर ठिकाणी वेगळं बोलतो. पॅन-टीआरके ही कॉकटेल नाही. ईपीआर१७३४१ हा एकच क्लोन ए, बी, सी या तिन्ही टीआरके प्रथिनांच्या समान भागाला धरतो. लॅरोट्रेक्टिनिब या कॅन्सरच्या औषधाला अमेरिकेत २०१८ मध्ये मान्यता मिळाल्यापासून एनटीआरके फ्यूजन (टीआरकेचा जीन दुसऱ्या जीनला जोडला जाणं) शोधायला त्याची मागणी वाढली. तरी एनटीआरके३ च्या फ्यूजनमध्ये तो हात आखडता घेतो, आणि नसा-स्नायूंत तसाही रंगतो, म्हणून पुढे सीक्वेन्सिंग (जीन वाचून बघणं) लागतंच. पॅन-मेलॅनोमा हे पुन्हा कॉकटेल: एचएमबी४५, मार्ट-१ आणि टायरोसिनेज. यात धरली जाणारी तिन्ही प्रथिनं एकमेकांची नातलगही नाहीत, एकाच पेशीची एवढंच. आणि पॅन-बी म्हणून सीडी२० मागवाल तर तिथे प्रथिन एकच आणि ‘पॅन’ आहे तो बी पेशींना उद्देशून. म्हणून ऑर्डरच्या फॉर्मवर नुसतं ‘पॅन-सीके’ लिहू नका. क्लोन लिहा. नाहीतर वितरक त्या दिवशी गोडाऊनला जे असेल ते पाठवतो. एकदा एमएनएफ११६ या दुसऱ्याच क्लोनची बाटली आली होती. तीही वाईट नाही, पण आमचं सगळं व्हॅलिडेशन (आधीची पडताळणी) एई१/एई३ वर होतं.

माझे गुण: पाचपैकी चार. एक गुण लेबलासाठी कापला. कुठले केरॅटिन येतात आणि कुठले येत नाहीत, हे बाटलीवरच छापायला कंपन्यांना दोन ओळींची जागा पुरेल. पुढच्या तिमाहीच्या ऑर्डरला एई१/एई३ एक मिली आणि सीएएम५.२ अर्धा मिली टाकलंय. लिव्हर कंट्रोलचे ब्लॉक आमच्याकडे जास्तीचे आहेत. मिरज-सांगलीतल्या कुणा नव्या लॅबला हवे असतील तर येऊन अनस्टेन्ड सेक्शन घेऊन जा, चार्ज्ड स्लाइड तेवढ्या तुमच्या आणा.