मॉन्ट्रियल की क्योटो: अभ्यासासाठी कोणता करार?

जागतिक धोरणांच्या अभ्यासात ओझोनचा थर वाचवण्यासाठीचा १९८७ चा मॉन्ट्रियल करार आणि हरितगृह वायूंचे उत्सर्जन घटवण्यासाठीचा १९९७ चा क्योटो करार बहुधा शेजारी ठेवले जातात, कारण वातावरणाचे रक्षण हा हेतू सारखाच असूनही पहिल्याला जगातील सर्व राष्ट्रांची मान्यता मिळाली, तर दुसऱ्याला अमेरिकेने कधीच मंजुरी दिली नाही आणि कॅनडाने २०११ मध्ये माघार जाहीर केली.

मॉन्ट्रियलच्या यशाचे श्रेय ओझोनच्या छिद्राच्या धास्तीला देण्याची प्रथा आहे. मला मात्र त्यातील व्यापारविषयक कलम अधिक निर्णायक वाटते. सदस्य नसलेल्या देशांशी क्लोरोफ्लुरोकार्बनच्या, म्हणजे ओझोनचा थर नष्ट करणाऱ्या रसायनांच्या, व्यापारावर त्याने निर्बंध घातले, त्यामुळे बाहेर राहणेच तोट्याचे ठरू लागले. शिवाय १९९० च्या लंडन बैठकीत विकसनशील देशांचा वाढीव खर्च भागवण्यासाठी बहुपक्षीय निधी मान्य झाला आणि त्यानंतरच चीन १९९१ मध्ये व भारत १९९२ मध्ये करारात आला.

क्योटोत असा धाक नव्हता. अर्थात ही तुलना काहीशी अन्यायाची आहे, कारण क्लोरोफ्लुरोकार्बन मोजक्याच कंपन्या बनवत, तर कोळसा आणि तेल यांच्यावर अख्ख्या अर्थव्यवस्था उभ्या असतात.

तरीही प्रबंधासाठी एकच निवडायचा झाल्यास मी क्योटो सुचवेन. विकसनशील देशांवर बंधने नसलेला करार चालणार नाही, असा ठराव अमेरिकी सिनेटने जुलै १९९७ मध्येच ९५ विरुद्ध ० मतांनी केला असताना वाटाघाटी तशाच पुढे का रेटल्या गेल्या, हा प्रश्न खोदण्याजोगा आहे.