सालीसकट चिलगोजा: नाशिकच्या बाजारात कोणता घ्यावा, कोणता सोडावा

चिलगोजा, म्हणजे हिमालयातल्या एका पाइनच्या शंकूतलं खायचं बी, घ्यायचाच असेल तर सालीसकट घ्यावा, सुटा घ्यावा आणि दिवाळीनंतरच्या दोन-तीन महिन्यांत घ्यावा. मेन रोड, रविवार कारंजा भागातल्या सुकामेव्याच्या मोठ्या दुकानांत तो साधारण तीन रूपांत दिसतो. एक, बरणीतला सुटा, सालीतच भाजलेला. दुसरा, पाकीटबंद खारा. तिसरा, सोललेला पांढरा गर, ज्याच्यावर नुसतं ‘पाइन नट’ लिहिलेलं असतं. हा तिसरा माल बहुतेक वेळा चिलगोजा नसतोच. किलोचा भाव हजारांत जाणाऱ्या मालात एवढा फरक ओळखता आलाच पाहिजे.

खरा चिलगोजा येतो हिमालयातल्या एका पाइनवर, साधारण 1800 ते 3300 मीटर उंचीवर. आपल्याकडे मुख्यतः हिमाचलच्या किन्नौरमध्ये, सतलजच्या कोरड्या खोऱ्यात, आणि चंबा जिल्ह्यातल्या पांगी-भरमौरकडे ही झाडं आहेत. शिवाय अफगाणिस्तानातूनही माल येतो, पूर्वी पाकिस्तानातूनही येत असे. किन्नौरमध्ये याला न्योजा म्हणतात. शंकू 10 ते 18 सेंटीमीटर लांब, हातात जड लागणारा, राळेने चिकट. त्याच्या प्रत्येक खवल्याखाली दोन बिया बसतात. परागीकरणानंतर शंकू दुसऱ्या वर्षी सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये तयार होतो. तो उघडण्याआधीच झाडावर चढून तोडतात, ढीग घालून वाळवतात, खवले फाकले की झोडपून बी काढतात. भाव चढा असण्याचं कारण या मेहनतीत आहे. पण जवळजवळ सगळे शंकू उतरवले जात असल्याने जमिनीवर रुजायला बी उरत नाही आणि नवी झाडं फार कमी उगवतात, हे घेणाऱ्यानेही ध्यानात ठेवावं. सिमला-कसौलीहून शोभेसाठी आणलेले शंकू बहुधा चीड किंवा कैल या पाइनचे असतात. त्यांत चिलगोजा शोधू नये.

आता पारख. चिलगोज्याचं बी दोन-अडीच सेंटीमीटर लांब, बारीक, गडद तपकिरी, एका टोकाला निमुळतं. आतला गरही तसाच, लांब काडीसारखा. सोललेल्या पाकिटात आखूड, त्रिकोणी, थेंबासारखे दाणे असतील तर तो बहुतेक चीन किंवा सैबेरियाकडच्या पाइनचा माल. खायला तो वाईट नाही, पण चिलगोज्याच्या भावाने घेऊ नये. चीनमधल्या एका जातीच्या दाण्यांनी काहींना खाल्ल्यावर एक-दोन दिवसांनी तोंड कडू पडतं, आणि ती चव कधी दोन आठवडेही जात नाही. आपोआप बरं होतं, पण तोवर जेवणाची चव जाते ती जातेच.

दुकानात बरणीच्या वरचे दाणे पाहू नका, तळातले मागा. दहा दाणे फोडून बघू द्या म्हणावं. एवढा भाव देणाऱ्या गिऱ्हाइकाला नाही म्हणणारं दुकान सोडून द्यावं. गर मलईसारखा पांढरा, चावल्यावर लोण्यासारखा आणि मागून राळेचा अगदी हलका वास, हा ताजा माल. पिवळट, काचेसारखा पारदर्शक दिसणारा गर म्हणजे तेल फुटून आलेलं, माल जुना. दहात दोनपेक्षा जास्त पोचट निघाले तर घेऊ नका, कारण तुम्ही सालीचे पैसे भरताय. बेदाण्याचा रंग आणि ओल बोटांनी ओळखणाऱ्या नाशिककराला ही पारख अवघड नाही. पाकीटबंद खाऱ्या मालाला आम्ही शेवटचा नंबर देऊ: मिठाखाली खवटपणा झाकला जातो आणि फोडून बघायची सोय नसते.

फोडायला अडकित्ता उत्तम, पण सुपारीसारखा कातरायचा नाही. दाणा आडवा धरायचा, जाड टोकाकडे पातं टेकवून हलकेच दाबायचं. कट् असा आवाज आला की थांबायचं, साल उभी फाटते आणि नखाने निघते. जोर दिला की गराचे दोन तुकडे होतात. कच्चा माल मिळाला तर लोखंडी कढईत जाड मीठ तापवून मंद आचेवर पाच-सहा मिनिटं सतत हलवत भाजावा. चार-पाच दाणे तडकले की लगेच ताटात काढावा, कारण सालीतली उष्णता आणखी काही वेळ गर भाजतच राहते. कढईत राहू दिला तर गर तपकिरी आणि कडवट होतो. डिंकाच्या लाडवात किंवा खिरीत घालायचा मोह टाळा. गूळ, तूप, वेलचीपुढे त्याची चव हरवते. नुसताच खावा, एका वेळी मूठभर पुरे. सुकामेव्याची ॲलर्जी असलेल्यांनी मात्र हात लावू नये.

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते घरी आणल्यावर. गरात जवळपास निम्मं तेल, आणि तेही हवेने लवकर खवट होणारं. नाशिकच्या एप्रिल-मेच्या उन्हात ओट्यावरच्या डब्यात ठेवलेला माल पटकन वास धरतो, पावसाळ्यात साल मऊ पडून बुरशी येते. म्हणून एका वेळी 100 ग्रॅमच आणा. काचेच्या घट्ट झाकणाच्या बरणीत, सालीसकट, फ्रिजमध्ये ठेवा. सोललेला गर महिन्याभरात संपवा, जास्त दिवस ठेवायचा तर फ्रीझरमध्ये. बरणी बाहेर काढली की लगेच उघडू नका, अर्धा तास तशीच राहू द्या. नाहीतर थंड दाण्यांवर बाहेरच्या हवेतलं पाणी धरतं आणि तीच ओल पुढे बुरशी आणते.