मिस मार्पल: रदरफोर्ड यांची पाहावी की हिक्सन यांची?

अगाथा ख्रिस्तीच्या मिस मार्पलची, म्हणजे खुनांचा छडा लावणाऱ्या म्हाताऱ्या बाईंची ओळख पडद्यावर करून घ्यायची असेल, तर दोन ब्रिटिश अभिनेत्रींपैकी आधी कोणाला निवडायचं हा प्रश्न पडतोच. मार्गारेट रदरफोर्ड आणि जोन हिक्सन. दोघींचीही हयात बहुतेक दुय्यम भूमिकांत गेली, आणि ही म्हातारी दोघींच्या वाट्याला आली तीही उतारवयातच.

रदरफोर्ड यांनी 1961 ते 1964 मध्ये चार चित्रपट केले. कृष्णधवल, हलकेफुलके. त्या पडद्यावर आल्या की बाकीचे आपोआप कोपऱ्यात जातात. 1964 च्या एका चित्रपटात तर सत्तरी ओलांडलेल्या बाई तलवारबाजी करतात! कथांशी इमान मात्र बेताचंच. दोन चित्रपट मुळात ख्रिस्तीच्याच दुसऱ्या गुप्तहेराच्या, प्वारोच्या, कादंबऱ्यांवरचे, आणि चौथ्याला कादंबरीच नाही. सोबत फिरणारे मिस्टर स्ट्रिंगर पुस्तकात शोधू नका. ते काम रदरफोर्ड यांचे खरे पती स्ट्रिंगर डेव्हिस यांनी केलंय. सहायक अभिनेत्रीचं ऑस्करही बाईंना मिळालं, पण ते 1963 च्या वेगळ्याच चित्रपटासाठी.

हिक्सन यांचं सगळं उलटं. 1930 च्या दशकापासून त्या चित्रपटांत होत्या, पण घरमालकीण, नर्स, शेजारीण अशाच छोट्या कामांत. 1979 मध्ये ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर, टोनी हा नाट्यपुरस्कार मिळाला, तोही सहायक भूमिकेसाठी. बीबीसीची मालिका 1984 च्या डिसेंबरमध्ये सुरू झाली तेव्हा त्या 78 वर्षांच्या होत्या. 1992 पर्यंत बाराही मार्पल कादंबऱ्या झाल्या. मला इथे त्यांचं ऐकणं आवडतं. समोरचा बोलत असतो, बाई विणकामावरून नुसती नजर उचलतात, आणि तो नको ते बोलून बसतो. कोपऱ्यात उभं राहून दुसऱ्याचं वाक्य ऐकायची पन्नास वर्षांची सवय अशी कामी येते. खुद्द ख्रिस्तीबाईंनी 1940 च्या दशकात एका नाटकात त्यांना पाहून, कधीतरी तुम्ही मार्पल करावी, असं कळवलं होतं.

पारखून घ्यायचं असेल तर एकच कथा दोन्हीकडे पाहा. धावत्या आगगाडीतून शेजारच्या गाडीतला खून दिसतो, ती. पुस्तकात तो मैत्रिणीला दिसतो आणि मार्पल एका हुशार तरुणीला त्या घरात कामाला पाठवते. हिक्सन यांच्या 1987 च्या भागातही तसंच आहे. 1961 च्या चित्रपटात खून रदरफोर्ड यांनाच दिसतो आणि मोलकरीण म्हणून त्या स्वतःच घुसतात. गंमत म्हणजे त्याच घरात काम करणारी मिसेस किडर झाल्यात जोन हिक्सन!

पुस्तकं वाचली असतील, तर माझं मत सरळ हिक्सन यांना. गती संथ आहे, रात्री जेवणानंतर सवडीने पाहायची गोष्ट. घरात मुलं असतील किंवा दीडच तास हाताशी असेल, तर रदरफोर्ड. फक्त त्यांच्यानंतर लगेच हिक्सन लावू नका. पहिली वीस मिनिटं काही घडतच नाहीये असं वाटेल.