लंडन एका दिवसात: अण्णांना घेऊन केलेली गाईडेड टूर

अण्णांचं वय ७२. चाळीस वर्षं त्यांनी घड्याळं दुरुस्त केली, डोळ्याला भिंग लावून, पाठ वाकवून. लंडनला माझ्याबरोबर यायचं ठरलं तेव्हा त्यांनी एकच विचारलं, "ते मोठं घड्याळ नीट बघता येईल ना?" माझ्या हातात चार दिवस होते, त्यातले दोन कामाचे. गुडघे दुखणाऱ्या माणसाला भुयारी रेल्वेच्या जिन्यांवरून पळवत नेण्यापेक्षा पहिल्याच मोकळ्या दिवशी बसची एक दिवसाची टूर घ्यावी, असं ठरवलं. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण अशा टूर तिथे बऱ्याच जण चालवतात आणि कार्यक्रमही जवळपास सारखाच असतो. काय मिळालं, काय राहिलं, ते लिहिते.

तिकीट माणशी ११९ पौंड. यात बस, गाईड, सेंट पॉल्स कॅथेड्रल आणि टॉवर ऑफ लंडनचं प्रवेशशुल्क आणि थेम्स नदीवरची बोट. जेवण आपलं आपण. हे महाग वाटलं तर एक हिशेब सांगते: टॉवरचंच तिकीट ३५ पौंडांच्या आसपास आहे आणि सेंट पॉल्सचं २५ च्या आसपास. वर बोट धरली तरी गाईड आणि बससाठी आपण साधारण ४० पौंड मोजतो. त्या ४० पौंडांचं चीज होतं का, हाच खरा प्रश्न.

सकाळी आठला व्हिक्टोरियाजवळून बस निघाली. मी दोन दिवस आधी मेल करून "वडिलांना पुढची जागा हवी" असं कळवलं होतं. त्यांनी खरंच पहिल्या रांगेत दोन सीट राखून ठेवल्या होत्या. घरचं वयस्कर माणूस बरोबर असेल तर हा मेल जरूर करा.

गाईड बाई साठीच्या असतील. हातात मिटलेली पिवळी छत्री, कोटावर निळा बिल्ला. हा 'ब्लू बॅज' म्हणजे तिथल्या गाईडांसाठीची सगळ्यात वरची पात्रता, त्यासाठी अभ्यास करून परीक्षा द्यावी लागते. बुकिंग करताना गाईड ब्लू बॅजवाला आहे का, हे विचारून घ्या. आमच्या दिवसात जे चांगलं झालं, त्यातलं बहुतेक या बाईंमुळे झालं.

ट्राफल्गार चौक बसमधूनच पाहिला. उंच खांबावर नेल्सन, पायथ्याशी चार सिंह, आणि सिग्नल सुटला. तिथे उतरवलं नाही याचं काही वाटलं नाही. वेस्टमिन्स्टरला मात्र उतरवून फक्त वीस मिनिटं दिली आणि माझी पहिली तक्रार इथेच आहे. माहितीपत्रकात 'वेस्टमिन्स्टर ॲबी' सगळ्यात वर, मोठ्या अक्षरात छापलेलं. आत जायचं नाही, बाहेरूनच बघायचं, हे तिथे रस्त्यावर उभं राहिल्यावर कळलं. १०६६ पासून जिथे इंग्लंडचे राज्याभिषेक होत आले, जिथे न्यूटन आणि डार्विन पुरलेले आहेत, ती वास्तू आम्ही फुटपाथवरून पाहिली. 'बाहेरून' हा एक शब्द छापायला काय हरकत होती? आमच्या गटातलं एक जोडपं खास ॲबीसाठी आलेलं होतं. त्यांचे चेहरे पाहवत नव्हते.

अण्णांचं लक्ष ॲबीकडे नव्हतंच. ते रस्त्याच्या कडेला मान वर करून उभे होते. गाईड बाई सांगत होत्या की बिग बेन हे नाव खरं तर आतल्या मोठ्या घंटेचं. मनोऱ्याला २०१२ पासून एलिझाबेथ टॉवर म्हणतात. घंटेचं वजन साडेतेरा टनांच्या वर. १८५९ साली ती वाजायला लागली आणि त्याच वर्षी तिला तडा गेला. मग हातोडा हलका केला, घंटा थोडी फिरवून दुसरी बाजू हातोड्यासमोर आणली, आणि ती तडा गेलेली घंटाच आजही वाजते. मोठ्या दुरुस्तीसाठी २०१७ पासून काही वर्षं ती जवळजवळ गप्पच होती, २०२२ मध्ये पुन्हा नेमाने वाजू लागली. त्या दुरुस्तीत काट्यांचा काळा रंग काढून मूळचा गडद निळा दिला. उन्हात तो निळा फार सुंदर दिसतो, फोटोत तितका येत नाही.

साडेनऊला लहान घंटांची सुरावट झाली. अण्णांनी मनगट वर केलं आणि पुन्हा खाली घेतलं. "हे नुसते पाऊण-अर्ध्याचे सूर. तासाचा ठोका ऐकायला हवा." पण दहापर्यंत थांबायला वेळ नव्हता, पहारेबदल गाठायचा होता. बाईंनी हे पाहिलं. बसकडे चालताना त्या अण्णांच्या शेजारी आल्या आणि विचारलं, तुम्ही घड्याळाकडे असं का बघत होता? मी त्यांचा व्यवसाय सांगितला. बाई थांबल्याच. मग म्हणाल्या, "मग यांना पेनीचं सांगायलाच हवं."

त्या घड्याळाच्या लंबकावर जुनी पेनीची नाणी रचून ठेवलेली असतात. एक नाणं ठेवलं की लंबकाचा गुरुत्वमध्य किंचित वर सरकतो आणि घड्याळ दिवसाला ०.४ सेकंद पुढे जातं. काढलं की तेवढंच मागे. एवढं प्रचंड यंत्र नाण्यांवर मिळवतात. मी हे मराठीत सांगत होते, पण अण्णांना माझी गरजच नव्हती. 'पेनी' आणि 'पेंड्युलम' ऐकल्यावर त्यांनी अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीत नसलेलं नाणं धरलं आणि हवेत अलगद ठेवून दाखवलं. बाईंनी मान डोलावली. बाईंनी जाताना सांगितलं, "संध्याकाळी बोट आपल्याला पाचच्या आत इथेच आणून सोडेल. तेव्हा ऐका."

पहारेबदलाला सगळे जण बकिंगहॅम राजवाड्याच्या जाळीपाशी गर्दी करतात. पहिल्या रांगेत नसाल तर तिथून फक्त पुढच्यांचे फोन दिसतात. बाईंनी आम्हाला तिकडे नेलंच नाही. सेंट जेम्स राजवाड्याच्या बाजूला उभं केलं. पावणेअकराच्या सुमाराला तिथून निघणारी तुकडी बँड वाजवत आमच्यापासून चार हातांवरून गेली. त्याआधी बाईंनी सगळ्यांना कोटाची बटणं मोजून पलटण ओळखायला शिकवलं होतं. बटणं एकेक समान अंतरावर असतील तर ग्रेनेडियर, जोडीजोडीने असतील तर कोल्डस्ट्रीम, तीन-तीन असतील तर स्कॉट्स, चार-चार आयरिश, पाच-पाच वेल्श. हे शोभेचे शिपाई नव्हेत, लष्करात नोकरी करणारे खरे सैनिक आहेत. आमच्यासमोरून गेले त्यांची बटणं जोडीने होती आणि गटातली लहान मुलं "दोन, दोन!" ओरडत होती. जागा कुठे धरायची, कधी निघायचं, हे पाठ असलेला माणूस बरोबर असण्याची किंमत इथे वसूल झाली. मी स्वतः नेलं असतं तर त्या जाळीपाशीच उभी राहिले असते.

जेवायला ३५ मिनिटं. रांगेतच पंधरा गेली. बरोबर काहीतरी बांधून न्या.

सेंट पॉल्समध्ये ५० मिनिटं मिळाली आणि ती पुरली, कारण घुमटावर चढायचं नव्हतं. वरपर्यंत ५२८ पायऱ्या आहेत, ज्यांना चढायचंय त्यांनी वेगळा दिवस काढावा. १६६६ च्या आगीत जुनं कॅथेड्रल गेलं, त्यानंतर क्रिस्टोफर रेन यांनी हे उभारलं. काम १६७५ ला सुरू झालं आणि संपायला १७१० उजाडलं. बाईंनी आम्हाला बरोबर घुमटाखाली उभं केलं आणि सांगितलं की आतून दिसतो तो घुमट आणि बाहेरून दिसतो तो घुमट हे एक नाहीत. आतला बसका, खालून बघणाऱ्याच्या नजरेत बसेल एवढा. बाहेरचा उंच, लाकडी सांगाड्यावर शिशाचा पत्रा, शहरात लांबून दिसावा म्हणून. आणि दोघांच्या मध्ये विटांचा एक शंकू, जो वरच्या दगडी कळसाचा सगळा भार पेलतो आणि कुणालाच दिसत नाही. अण्णा म्हणाले, "केस वेगळी, डायल वेगळी, मशीन मध्ये." एवढ्या शब्दांत मला तो घुमट समजला.

आता टॉवर. इथे मात्र टूर साफ कमी पडते. वेळ दिला पावणेदोन तास. किल्ला आहे तो, नऊशे वर्षांहून जुना. मधला पांढरा बुरूज विजेत्या विल्यमने अकराव्या शतकात बांधायला घेतला. त्याच आवारात १५३६ साली राणी ॲन बोलिनचा शिरच्छेद झाला. निवृत्त सैनिकांमधून निवडलेले, तिथेच कुटुंबासह राहणारे पहारेकरी, ज्यांना बीफईटर म्हणतात, ते स्वतः फिरवून माहिती सांगतात आणि ते तिकिटातच धरलेलं असतं. आम्हाला ते जमलं नाही, कारण जडजवाहिराच्या रांगेतच चाळीस मिनिटं गेली. त्यात गाईडचा आवाज ऐकायला दिलेल्या, अण्णांच्या कानातल्या यंत्राची बॅटरी संपली. बदली यंत्र बसमध्ये होतं आणि बस लांब उभी. एवढे पैसे घेणाऱ्यांनी गाईडच्या पिशवीत दोन जादा यंत्रं ठेवायलाच हवीत.

पण त्या रांगेबद्दल पश्चात्ताप नाही. मुकुटांच्या समोर सरकता पट्टा आहे, त्यावर उभं राहायचं आणि पुढे सरकत राहायचं. फोटो काढायला मनाई. कोहिनूर राणीमातेच्या १९३७ च्या मुकुटात आहे, १०५.६ कॅरेट. त्याच दालनात राजदंडात बसवलेला कलिनन ५३० कॅरेटचा आहे, त्याच्यासमोर कोहिनूर लहानच दिसतो. माझी नजर तरीही तिथेच. १८४९ मध्ये पंजाब खालसा झाला तेव्हा ज्याच्याकडून हा हिरा तहात लिहून घेतला, तो महाराजा दुलीपसिंग दहा वर्षांचा होता. इथे आणल्यावर १८५२ मध्ये हिरा पुन्हा कापला आणि १८६ कॅरेटचा जवळजवळ निम्मा झाला. आता तिथल्या माहितीत कोहिनूरला विजयाचं प्रतीक म्हटलं आहे आणि आधीचे मालक, मोगल, इराणी, अफगाण, शीख, सांगितले आहेत. मी पट्ट्यावरून उतरून मागे फिरले आणि पुन्हा चढले. दहा वर्षांचं पोर डोळ्यांसमोरून जात नव्हतं.

बोट चार वीसला टॉवरच्या धक्क्यावरून निघाली. पाठीमागे टॉवर ब्रिज, १८९४ चा, बरेच लोक यालाच लंडन ब्रिज समजतात. दिवसभराच्या पायपिटीनंतर बसायला मिळालं, वारा होता, अण्णांनी बूट सैल केले. बाई आमच्या समोरच्या बाकावर येऊन बसल्या आणि म्हणाल्या, ॲबी आत जाऊन बघायला मिळाली नाही याचं वाईट वाटतं, कारण तुमच्या वडिलांच्या धंद्यातले दोघं तिथे आहेत. थॉमस टॉम्पियन आणि जॉर्ज ग्रॅहम, इंग्लंडचे मोठे घड्याळजी. दोघांना एकाच कबरीत पुरलं आहे, राजेराजवाड्यांच्या शेजारी. अण्णांनी ग्रॅहमचं नाव ऐकलं होतं, एस्केपमेंटच्या, म्हणजे घड्याळाचं चाक एकेक दात पुढे सोडणाऱ्या भागाच्या संदर्भात. "घड्याळजीला तिथे जागा दिली?" त्यांनी मला दोनदा विचारून खात्री केली.

पाचला पाच मिनिटं असताना वेस्टमिन्स्टरला उतरलो. टूर इथेच संपते, लंडन आय या नदीकाठच्या मोठ्या पाळण्याचे पैसे वेगळे, आम्ही ते तिकीट घेतलं नाही. बाई छत्री मिटवून आमच्याबरोबर उभ्या राहिल्या, खरं तर त्यांचा दिवस संपला होता. आधी लहान घंटांची पूर्ण सुरावट झाली. मग क्षणभर काही नाही. मग पहिला ठोका. बरोबर पाच म्हणजे हा पहिला ठोका, हे अण्णांना माहीत होतं. त्यांच्या हातात त्यांचं किल्लीचं घड्याळ होतं, सकाळी फोनशी मिळवलेलं. आवाज छातीत जाणवतो, हे कुठल्याच व्हिडिओत कळत नाही. पाचही ठोके संपेपर्यंत ते बोलले नाहीत. मग म्हणाले, "आपलं दोन सेकंद मागे आहे." बाईंनी हात पुढे केला, अण्णांनी दोन्ही हातांनी धरला.

पाचपैकी गुण द्यायचे तर गाईडला पाच, टूरच्या आखणीला तीन, माहितीपत्रकाला एक. लंडनला पोचल्याबरोबर पहिल्या दिवशी ही टूर घ्या, म्हणजे काय परत बघायचं ते नंतर ठरवता येतं. टॉवर नीट बघायचा असेल तर तो एकटा अर्धा दिवस मागतो. आणि 'समाविष्ट' म्हणजे आत की बाहेर, हे प्रत्येक ठिकाणाबद्दल लेखी विचारा.

परतायच्या आदल्या सकाळी माझं काम संपवून आम्ही दोघंच ॲबीत गेलो. तिकीट वेगळं काढलं. तिथल्या एका सेवकाला विचारलं, त्याने मधल्या लांब दालनात नेऊन फरशीकडे बोट दाखवलं. लोक तिच्यावरून चालत होते, वर छताकडे बघत. अण्णा जमिनीवर बसले. बसायला वेळ लागला. त्यांनी 'टॉम्पियन' हे नाव बोटाने अक्षर-अक्षर वाचलं, मग त्याच्याखालचं ग्रॅहमचं, आणि मला म्हणाले, "भिंग आणायला हवं होतं."