पेकोचा बुलहेड फ्लेक्सिबल ट्रॅक: दिसायला अस्सल, गेजमध्ये तडजोड

ब्रिटिश रेल्वेचं मॉडेल १ फुटाला ४ मिमी या प्रमाणात करायचं, तर ४ फूट साडेआठ इंचांचा गेज, म्हणजे दोन रुळांमधलं अंतर, १८.८३ मिमी यायला हवा. या प्रमाणात रूढ असलेला ओओ गेज मात्र १६.५ मिमीच, म्हणजे प्रमाणाने ४ फूट दीड इंच. ही खोट पेको कंपनीच्या या ट्रॅकमध्येही (हवा तसा वाकवता येणारा, फुगीर डोक्याच्या बुलहेड रुळांचा) आहेच. पण ओओमध्येच राहायचं असेल तर हाच घ्या. रुळांखालचे आडवे स्लीपर एचओ या लहान प्रमाणाच्या ट्रॅकसारखे दाटीवाटीने बसवलेले नाहीत आणि रूळ धरणाऱ्या चेअर्स फारच सुबक आहेत.

सुबक तितक्याच नाजूकही. घाईने वाकवलं की रूळ त्यांतून निसटतो, म्हणून वळण थोडं थोडं द्या. जोडाशी शेवटच्या स्लीपरवरच्या चेअर्स पात्याने काढा, रुळाचं टोक कानशीने साफ करा, मगच दोन रूळ जोडणारा जॉइनर सरकवा, तोही बुलहेडसाठीचाच. रूळ कोड ७५ चा (०.०७५ इंच), म्हणजे जेमतेम १.९ मिमी उंच, त्यामुळे खोल फ्लँजची (आतल्या उंच कडेची) जुनी चाकं चेअर्सवर खडखडतात. ती बदला आणि एकाच आसावरच्या दोन चाकांमधलं आतलं अंतर १४.५ मिमी ठेवा. गेजही अचूकच हवा असेल तर पी४ ला (१८.८३ मिमी गेजच्या मानकाला) पर्याय नाही, फक्त तिथे प्रत्येक इंजिनाची आणि डब्याची चाकं बदलावी लागतात.